हयगय कुणाची?

काशीमीऱ्याच्या नाक्यावर नुसता रस्ता ओलांडण्यासाठी रिक्षा करणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. त्यांचं ऑफिस हायवेच्या अलीकडे आणि आवडता चहावाला पलीकडे. ऑफिसच्या गॅलरीत उभं राहिलं की पलीकडच्या चहाला उकळी आली की नाही हेसुद्धा दिसायचं. पण दुपारी साडेतीनला हे गृहस्थ पांढरा शर्ट, बगलेत कापडी पिशवी अशा थाटात जिना उतरायचे, रिक्षाला हात करायचे आणि समोर बोट दाखवायचे. ‘अरे काका, वो तो सामने है,’ रिक्षावाला म्हणायचा. ‘मालूम है. सामनेही जाने का है,’ काका बसता बसता सांगायचे. मग पुलाखालून वळसा, ट्रकांच्या गर्दीतून वाट काढत दहा मिनिटांनी पलीकडे. चहा पिऊन तसंच परत. मी एकदा न राहवून विचारलं, तर म्हणाले, ‘मी जेवढ्या फायली वाचल्यात तेवढ्या तू वाचल्या असत्यास ना, तर चहाच सोडला असतास.’

त्यांचं खरं नाव सबनीस. नाक्यावरच्या एका गॅरेजच्या डोक्यावर, पहिल्या मजल्यावर देशमाने वकीलबाईंचं ऑफिस आहे. रस्त्यावरच्या अपघातात माणूस गेला की त्याच्या घरच्यांच्या वतीने नुकसानभरपाईचे दावे लढवणं हे बाईंचं काम. काका तिथे वकील नव्हते आणि कारकूनही नव्हते. बाईंच्या टेबलाशेजारी एक लोखंडी खुर्ची होती, तिच्यावर बसून फायली वाचणं एवढाच त्यांचा हुद्दा. पोलिसांच्या कागदांत ‘भरधाव वेगाने, हयगयीने व अविचाराने वाहन चालवून’ असं एक ठरलेलं वाक्य असतं. ते काकांच्या तोंडात इतकं बसलं होतं की कुणी चहा सांडला तरी तो हयगयीने व अविचाराने सांडलेला असायचा. त्यामुळे अख्खा नाका त्यांना हयगयकाका म्हणायचा. खालचा गॅरेजवाला युसुफभाई तर ते त्यांचं आडनावच समजत होता. एका दिवाळीला त्याने ‘मिस्टर हयगय’ या नावाने मिठाईचा डबा पाठवला, आणि काकांनी तो काही न बोलता ठेवून घेतला.

काकांचा खरा राग ड्रायव्हरांवर नव्हता, क्रियापदांवर होता. ‘दूध उतू गेलं, कप फुटला, बस चुकली, उशीर झाला,’ ते बोटांवर मोजायचे. ‘आपल्या मराठीत सगळं आपोआप होतं. दुधाला पाय आहेत का? गॅसपाशी कोण होतं ते सांगा.’ मी पहिल्यांदा दहा मिनिटं उशिरा पोचले आणि सवयीने म्हणाले, ‘सॉरी काका, उशीर झाला.’

‘उशीर होत नसतो. कुणी केला?’

मी म्हणाले, ‘मी केला.’

‘हां. आता लिहितो,’ असं म्हणून त्यांनी पेनाचं टोपण काढलं आणि वहीत खरोखरच लिहिलं. ही त्यांची पद्धत होती. वाक्याला कर्ता मिळेपर्यंत पेनाचं टोपण निघायचं नाही.

आम्ही त्यांच्याकडे गेलो तेव्हा आमच्यापाशीही असंच एक बिनकर्त्याचं वाक्य होतं. अण्णांचा अपघात झाला. अण्णा म्हणजे माझे वडील. काशीगावातल्या एका गोदामात ते सुपरवायझर होते. संध्याकाळी साडेचारला ड्यूटी संपवून स्कूटरवरून नाक्याकडे निघाले, समोरून टेम्पो आला आणि त्याने त्यांना उडवलं. जबानी द्यायला शुद्धीवर असलेला माणूस एकच उरला होता, टेम्पोचा ड्रायव्हर. त्याने पोलिसांना सांगितलं की स्कूटरवाला राँग साइडने आला. तेच लिहिलं गेलं, आणि कागदावर आरोपीच्या रकान्यात अण्णांचं नाव पडलं. स्वतः हयगयीने गाडी चालवून स्वतःच्या मृत्यूस कारणीभूत.

अण्णा आणि हयगय! बिल्डिंगच्या कंपाउंडमध्ये स्कूटर एका झाडाखालून दुसऱ्या झाडाखाली लावायची असली तरी अण्णा हेल्मेट घालायचे आणि त्याचा पट्टा लावायचे. रस्ता मोकळा असला तरी लाल दिव्याला थांबायचे, मागचे हॉर्न वाजवून वाजवून दमायचे, मग हे मागे वळून त्यांना सिग्नल दाखवायचे. त्यांच्या मागे बसून कुठे जायचं म्हणजे मला लाज वाटायची, कारण आम्हाला सायकलवाले ओव्हरटेक करायचे. अण्णा गेल्यावर पुण्यानुमोदनाच्या दिवशी विहारात सगळे जमले होते. बाहेर चपला घालताना कुणीतरी कुणालातरी हळूच म्हणालं, ‘राँग साइडनं आले म्हणे.’ ते आईने ऐकलं. त्या दिवसापासून आईचं रडणं थांबलं आणि ती चिडली ती चिडलीच.

पहिल्या भेटीत देशमानेबाईंनी आम्हाला दोन वाटा समजावून सांगितल्या. एक सोपी. कुणाची चूक होती हे सिद्धच करायचं नाही, कायद्याने ठरलेली ठरावीक भरपाई घ्यायची आणि मोकळं व्हायचं. दुसरी लांबची. टेम्पोवाल्याची हयगय होती हे आपण सिद्ध करायचं, त्यात वर्षं जाणार, आणि सिद्ध झालं नाही तर हात हलवत परत. आई मराठवाड्याची, जालन्याकडची. तिला लांबलचक बोलायची सवय नाही. ती म्हणाली, ‘पैशाचं तुम्ही बघा बाई. मला लिहून पायजे.’

‘काय लिहून पाहिजे?’ कोपऱ्यातल्या खुर्चीतून प्रश्न आला. तोपर्यंत तिथे कुणी बसलंय हे आम्हाला कळलंच नव्हतं.

‘की ते राँग साइडनं गेले नव्हते. साहेबाच्या सहीनं.’

काका उठले, आईसाठी स्वतः पाण्याचा ग्लास भरला आणि टेबलावर ठेवला. ‘आजपासून तुम्ही अर्जदार क्रमांक एक,’ त्यांनी आईला सांगितलं. मग माझ्याकडे वळले. ‘आणि तू अर्जदार क्रमांक दोन.’ त्यानंतर तीन वर्षांत त्यांनी मला नावाने कधी हाक मारली नाही. मी एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये रिसेप्शनला आहे. काका लॅबच्या नंबरावर फोन करून मोठ्या आवाजात विचारायचे, ‘दोन नंबर आहे का? मग तिला ताबडतोब पाठवा.’ आमच्या डॉक्टरांनी एकदा मला केबिनमध्ये बोलावून, दार लावून, घरी सगळं ठीक आहे ना, असं विचारलं होतं.

अण्णांना घरी काय म्हणायचे ते काकांनी त्याच दिवशी विचारून घेतलं. फायलीत जिथे तिथे ‘मयत’ असायचं. ‘मयत हा पूर्वेकडून येत असता’, ‘मयताच्या अंगावर’. काका वाचताना तिथे ‘अण्णा’ वाचायचे. त्याचं कारण मला फार उशिरा कळलं. एका दुपारी लाइट गेले होते, पंखा बंद होता, बाई कोर्टात होत्या. काका फायलीने वारा घेत म्हणाले, ‘दोन नंबर, मी तीस वर्षं विमा कंपनीत होतो, ठाऊक आहे का तुला? क्लेम खात्यात. तीस वर्षं माझं काम एकच. मेलेल्याची हयगय शोधायची. हेल्मेट होतं का, लाइट चालू होता का, दारू प्यायला होता का, राँग साइडला होता का. आणि सापडायची बरं का! मेलेला माणूस उलटून बोलत नाही ना, त्यामुळे सापडायचीच.’ मग वारा घ्यायचं थांबवून म्हणाले, ‘मी चांगला होतो त्या कामात. प्रमोशन मिळालं मला.’ तेवढ्यात लाइट आले आणि पंख्याने त्यांचे चार कागद उडवले, म्हणून काका पंख्यावर हयगयीचा ठपका ठेवून ते गोळा करायला लागले.

हयगय सिद्ध कशी करतात हे मला काकांनी शिकवलं. माझी समजूत अशी, की कुणीतरी शपथेवर छातीठोकपणे सांगायला हवं आणि पुरावा अगदी पक्का हवा. काका म्हणाले, ‘ते फाशी द्यायची असली तर. इथे जजसाहेब एवढंच बघतात, की दोनातलं जास्त पटण्यासारखं कुठलं. फ्रिजबाहेर दुधाचं पातेलं आहे. साय गेलीय. घरात मांजर आहे आणि सासरेबुवा आहेत. मांजराच्या मिशीला साय आहे. झालं. कुणी बघितलं नाही तरी चालतं.’

‘आणि सासऱ्यांच्या मिशीला असली तर?’

‘तर फाइल बंद करायची नाही, भक्कम उलटतपासणी घ्यायची,’ काका म्हणाले.

आमच्या फायलीत मिशी सापडली ती पंचनाम्यात. पोलीस अपघाताच्या जागी जाऊन काय काय दिसलं ते लिहितात तो कागद. तो आम्ही सगळ्यांनी वाचला होता आणि सगळ्यांनी कपाळाला हात लावला होता. कारण त्यात स्वच्छ लिहिलं होतं, ‘स्कूटर रस्त्याच्या उजव्या कडेस पडलेली आहे.’ आपण डावीकडून जायचं असतं, स्कूटर उजवीकडे, म्हणजे अण्णा राँग साइडला. विमा कंपनीचे वकील त्या एका ओळीवर पाय पसरून बसले होते. काकांनी तो कागद दोन दिवस घरी नेला. तिसऱ्या दिवशी लॅबमध्ये फोन. ‘दोन नंबर, मासे कुणाचे?’

‘काय?’

‘“स्कूटरलगत मासळी विखुरलेली आहे.” चौथ्या पानावर. मासे कुणाचे?’

हे वाक्य आम्हीही वाचलं होतं. विमावाल्यांनी तर त्याचाही उपयोग केला होता. मयत हा मासळीचं ओझं घेऊन जात असल्याने तोल गेला, असं त्यांच्या लेखी उत्तरात होतं. वाचून आई पहिल्यांदाच हसली होती. आमच्या घरात मासे शिजत नाहीत. अण्णांना काट्याची इतकी धास्ती, की शेजारी बोंबील तळले तरी ते खिडकी लावून घ्यायचे. मी हे सांगितल्यावर काका फोनवर एवढ्या जोरात ‘शाब्बास’ म्हणाले की समोर रक्त द्यायला आलेल्या बाई दचकल्या. ‘अण्णांचे नाहीत. मासे स्वतः चालत आले नाहीत. आणले कुणी?’

काकांनी काशीगावचा तो रस्ता पालथा घातला. पानवाला, पंक्चरवाला, गोदामाचा वॉचमन, सगळ्यांना तोच प्रश्न. शेवटी वॉचमन म्हणाला, एक मावशी मासे घेऊन बसायची, उत्तनजवळच्या पालीची, फिलूमावशी. पण त्या दिवसापासून ती दिसली नाही. मग एका रविवारी मी काकांना माझ्या स्कूटीवर बसवून पालीला नेलं. हा प्रवास मी विसरणार नाही. काकांनी स्वतःचं हेल्मेट आणलं होतं, शिवाय मागे बसून ते अखंड पंचनामा करत होते. ‘समोरून बस. अंतर पुरेसं. डावीकडे कुत्रा, झोपलेला. पुढे रिक्षा, उजवा इंडिकेटर चालू, म्हणजे डावीकडे वळणार.’ रिक्षा डावीकडेच वळली. उत्तनच्या पुढे गल्ल्या अरुंद झाल्या तसे काका उतरून चालायला लागले, आणि मी स्कूटी त्यांच्या चालीने मागून आणली.

फिलूमावशी दारात जाळ्याची गाठ सोडवत बसली होती. आम्ही कशासाठी आलो ते ऐकताच ती उठून आत गेली आणि आतूनच म्हणाली, ‘मना काय म्हाईत न्हाय. मी तिथं बसत न्हाय.’ काकांनी तिला साक्षीचं, कोर्टाचं काहीच विचारलं नाही. पायरीवर बसले आणि म्हणाले, ‘मावशी, त्या दिवशी पाटीत काय होतं?’

आतून आवाज आला, ‘बोंबील. आन थोडी मांदेली.’ ती बाहेर आली तेव्हा डोळे भरले होते. ‘माजीच चुकी हाय, बाबा. ती पाटी माजी रस्त्यात व्हती. वीतभर पुढं. तो स्कूटरवाला भाऊ रोज मना वरडायचा, मावशी, पाटी आत घे, कुणीतरी पडंल. रोज थांबून बोलायचा. मासं कवा घेतलं न्हाय त्यानं, नुस्तं पाटी आत घे. मी म्हनायची, व्हय रं, घेते. न्हाय घेतली.’

मी खाली मान घालून उभी होते. हे अण्णाच होते. दुसरा कुणी असणंच शक्य नव्हतं. अख्ख्या मीरा-भाईंदरात, मासे न खाता मासेवालीला रोज थांबून शिस्त लावणारा दुसरा माणूस कुठून येणार? मला रडू यायला हवं होतं, पण मी हसत होते, आणि मावशी मला हसताना बघून घाबरली. काकांनी मात्र एवढंच विचारलं, ‘तुम्ही बसायच्या कुठे? भिंतीकडे की गटाराकडे?’

‘भिंतीकडं. गटारावर बसून मासं इकू काय?’

काकांनी खिशातलं पेन काढलं. ‘आणि टेम्पो कुणाच्या बाजूला आला?’

‘माज्या. ट्रक उभे व्हते ना पल्याड, गॅरेजवाल्यांचे, रांगच्या रांग. त्यांना चुकवून टेम्पो सरळ माज्यावर आला. त्या भावाला घेऊनच आला.’

‘हां,’ काका म्हणाले. ‘आता लिहितो.’

परत येताना त्यांनी मला काशीगावच्या त्या रस्त्यावर नेलं. पिशवीतून खडू काढला आणि मावशीच्या जागेपाशी भिंतीवर फुली मारली. ‘इथे उभी राहा. गोदामाकडे पाठ, नाक्याकडे तोंड. म्हणजे घरी निघालेले अण्णा. भिंत कुठे?’

‘डावीकडे.’

‘आता पोलीस नाक्यावरून जीपने आले. तोंड गोदामाकडे. पहिल्याच पानावर लिहिलंय, “समोर गोदामाचे गेट, पाठीमागे नाका.” वळ आता. भिंत कुठे?’

मी वळले. भिंत उजवीकडे आली. मी दोनदा इकडून तिकडे वळले आणि मग रस्त्यातच ओरडले. पंक्चरवाला बघत राहिला. काका म्हणाले, ‘अण्णा आपल्याच बाजूला होते. पोलिसाने त्याचं उजवं लिहिलं, सगळ्यांनी ते अण्णांचं उजवं म्हणून वाचलं. त्याचीसुद्धा फार चूक नाही. त्याचं तोंड तिकडे होतं. आमच्या खात्यात मी असतो ना, तर मीही असंच वाचलं असतं.’ हे शेवटचं वाक्य ते भिंतीकडे बघत म्हणाले.

खरी धास्ती होती ती मावशीच्या साक्षीची. पाटी रस्त्यात होती हे ती बोलली, तर समोरचे वकील तिलाच धरणार, हे तिला कळत होतं. मी काकांना म्हणाले, ‘ते वीतभराचं सांगायचं राहिलं तर नाही का चालणार?’ काकांनी माझ्याकडे असं बघितलं की मी तिथल्या तिथे वाक्य सुधारलं. ‘म्हणजे, आपण ते लपवलं तर?’

‘हां. आता निदान नीट विचारलंस,’ ते म्हणाले. ‘लपवायचं नाही. ती वीत हाच आपला पुरावा आहे. अण्णा रोज भिंतीकडून जायचे हे तिच्यामुळेच कळतं.’

ठाण्याला कोर्टात त्या दिवशी मावशी नवी साडी नेसून, गळ्यातला क्रॉस मुठीत धरून उभी राहिली. आई माझा हात दाबत होती. विमा कंपनीचे वकील तरुण होते, अगदी गोड आवाजाचे. ‘मावशी, तुम्हाला डावं-उजवं कळतं का?’

‘कळतं का म्हंजे? दोन हात हायत माजे.’

‘अपघाताच्या दिवशी तुम्ही नेहमीच्याच जागी बसला होता कशावरून? समोरही बसला असाल.’

‘समोर गटार हाय. तुमी बसाल?’

साहेबांनी रुमालाने तोंड पुसलं. ते बराच वेळ पुसत होते. वकिलांनी मग शेवटचा प्रश्न टाकला, ज्याला आम्ही सगळे घाबरून होतो. ‘तुमची पाटी रस्त्यात आलेली होती, हे खरं की खोटं?’

‘खरं.’

‘म्हणजे तुमच्या पाटीमुळेच हा अपघात झाला!’

मावशीने काकांकडे बघितलं. काका मागच्या बाकावर पेन हातात धरून बसले होते, टोपणासकट. मावशी साहेबांकडे वळली. ‘झाला न्हाय साहेब. केला. माजी पाटी वीतभर पुढं व्हती, ती माजी चुकी. तो भाऊ रोज ती चुकवून जायचा, त्या दिवशीबी चुकवली. टेम्पोनं न्हाय चुकवली. आन टेम्पोला माज्या पाटीपाशी यायचं कामच काय? त्याची वाट पल्याड हाय.’

मग साहेब टायपिस्टला म्हणाले, ‘घ्या लिहून. जसंच्या तसं.’ मी मागे बघितलं. काका टोपण काढत होते, पण त्यांच्या हातून ते सुटून बाकाखाली घरंगळलं आणि ते शोधायला वाकलेले काका पुढची पाच मिनिटं वर आलेच नाहीत. आईला वाटलं त्यांना चक्कर आली.

निकालाला त्यानंतरही आठ महिने गेले. त्यात भरपाईचं होतं, व्याजाचं होतं, ते बाईंनी आम्हाला समजावलं आणि आईने ऐकलं की नाही कोण जाणे. तिने एकच ओळ तीनदा वाचून घेतली. टेम्पोचालकाने हयगयीने वाहन चालवले असून मयताकडून कोणतीही हयगय झाल्याचे दिसून येत नाही. आईने त्या पानाच्या वीस झेरॉक्स काढल्या. अण्णांच्या फोटोखाली एक लॅमिनेट करून लावली. उरलेल्या विहारात आणि बिल्डिंगमध्ये पेढ्यांबरोबर वाटल्या, आणि चपला घालताना कुजबुजलेल्या त्या गृहस्थांना तर घरी जाऊन, पेढा एकच, झेरॉक्स दोन.

काकांसाठी आम्ही पेढ्यांचा मोठा बॉक्स नेला होता. त्यांनी तो युसुफभाईकडे पाठवून दिला. म्हणाले, ‘साखर आहे मला. अर्जदार क्रमांक एकच्या हातची ज्वारीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी घेऊन घरी या. दोघी या. तारीख तुम्ही ठरवा, पण मुदत मागू नका.’ आई म्हणाली, पुढच्या रविवारी येतो. काकांनी ते वहीत लिहून घेतलं.

पुढच्या रविवारी लॅबमध्ये कॅम्प निघाला. त्याच्या पुढच्या रविवारी आईचा गुडघा धरला. मग माझी बदली दुसऱ्या शाखेत झाली, मग लग्नसराई आली, मग पीठ संपलं होतं. काकांचं घर मीरा रोडला, आमच्यापासून रिक्षाने पंधरा मिनिटं. एकदा त्यांचा फोन आला होता, ‘दोन नंबर, भाकरीचं काय?’ मी म्हणाले, ‘येतोय काका, नक्की.’ असे सहा-सात महिने गेले आणि एका सकाळी देशमानेबाईंचा मेसेज आला, की काका काल दुपारी झोपले ते उठलेच नाहीत.

आईने उठून पीठ मळलं आणि भाकऱ्या थापल्या. मी म्हटलं, आई, आज कशाला, तर तिने ऐकलं नाही. फडक्यात बांधलेल्या त्या भाकऱ्या आणि चटणीचा डबा घेऊन आम्ही त्यांच्या घरी गेलो. त्यांच्या मुलाला आम्ही पहिल्यांदाच बघत होतो. मी नाव सांगितलं, त्याला काही उमजलं नाही. मग मी म्हणाले, ‘अर्जदार क्रमांक दोन.’

‘अरे! दोन नंबर म्हणजे तुम्ही?’ तो म्हणाला. ‘बाबा दर रविवारी सकाळी विचारायचे, आज दोन नंबर येणार होती ना? मला वाटायचं, या वयात कसल्या भानगडी.’ तो हसला आणि मग त्याचं त्यालाच कसंतरी झालं. खिडकीपाशी काकांची खुर्ची होती, तिच्या हातावर ती वही, वहीत अडकवलेलं पेन. मुलाने आईच्या हातातला डबा घेतला. आमचे चेहरे बघून तोच आमची समजूत घालायला लागला. ‘वाईट वाटून घेऊ नका. होतं असं. भेटायचं राहून गेलं, झालं.’

‘हो ना,’ मी म्हणाले. ‘राहून गेलं.’

म्हणाले आणि माझी नजर त्या खुर्चीकडे गेली. पेनाचं टोपण घट्ट लावलेलं होतं. राहून जात नसतं, दोन नंबर. कर्ता कुठंय?

‘नाही,’ मी म्हणाले. ‘राहून गेलं नाही. मी आले नाही.’

मुलगा बावरून माझ्याकडे बघत राहिला. आईने माझा हात धरला, कोर्टात धरला होता तसा. मी खुर्चीकडे बघत थोडा वेळ तशीच उभी राहिले, पण ‘हां, आता लिहितो’ असं म्हणायला तिथे कुणी नव्हतं.